पॉइंट साठवू, विकत घेऊ की खर्चू? साताऱ्याच्या एका नव्या सभासदाला उत्तर

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. माझ्या शब्दांत मांडते, चुकलं तर सांगा. आठ महिन्यांपूर्वी तुम्ही आपल्या झाडं-कटिंगांच्या अदलाबदलीच्या गटात आलात. खात्यावर 210 पॉइंट आहेत आणि डोळा आहे पानांवर पांढुरके ठिपके असलेल्या थाय कॉन्स्टेलेशन मॉन्स्टेरावर, ज्याला सध्या 600 लागतात. पॉइंट लवकर कसे वाढवायचे, तोवर दुसरं काहीच न घेता साठवत बसायचं का, आणि एक सभासद दीड रुपयाला एक या भावाने यूपीआयवर पॉइंट देतोय ते घ्यायचे का, असे तीन प्रश्न तुम्ही विचारलेत.

मी सांगलीची. दिवसा बेदाण्याच्या अडत दुकानात हिशेब लिहिते, संध्याकाळी कुंड्यांत हात घालते. गटात 2017 पासून आहे आणि मधली तीन वर्षं तक्रारी निस्तरायच्या कामावर होते. त्यामुळे पॉइंटांचे बरेच रंग पाहिलेत. तरी सुरुवातीलाच एक सांगते. तुमच्याकडे ऊन किती तास येतं, पोस्ट ऑफिस किती लांब आहे, महिन्याला टपालावर किती खर्च झेपतो, यावर अर्धं उत्तर अवलंबून आहे, आणि ते तुम्ही लिहिलेलं नाही. बाल्कनी पूर्वेची आहे एवढंच कळलं. त्यावरच बोलते.

पॉइंट हा पैसा आहे असं समजून तुम्ही विचारताय, आणि घोळ तिथेच आहे. आपल्याकडे शेतात पैरा करतात, ठाऊक असेलच. आज तुमच्या भांगलणीला शेजारची चार माणसं आली, की त्यांच्या कामाला तुमच्या घरची चार जायची. मजुरी नाही, पैरा फेडायचा. गाव लहान असलं की कोणाचा पैरा कोणाकडे राहिलाय ते सगळ्यांच्या डोक्यात असतं. आपल्या गटात हजारभर माणसं, एकमेकांचं तोंडही न पाहिलेली. त्यांच्या डोक्यात हे कसं राहणार? म्हणून पॉइंट. म्हणजे तुमचे 210 पॉइंट म्हणजे गटाने तुमच्याकडून घेतलेलं आणि अजून न फेडलेलं काम. ते कपाटात ठेवून वाढत नाही. आपल्या नियमाप्रमाणे वर्षभर हलवलं नाही तर त्यातला दहावा हिस्सा कापलाच जातो.

आता कमाईचं. तुमची यादी पाहिली. मनी प्लांट, स्पायडर प्लांट, सिंगोनियम. तीनही चांगली झाडं, पण गटातल्या निम्म्या लोकांकडे आहेत. दहा पॉइंटाला मनी प्लांटचं कटिंग द्यायला पन्नास जण उभे आणि घ्यायला दोघं. मग तुम्ही लोकांच्या झाडांची नावं ओळखून सांगायच्या कामाकडे वळलात. एका बरोबर उत्तराला दोन पॉइंट. तुम्हाला 390 हवेत, म्हणजे 195 उत्तरं. ती द्यायला माझी हरकत नाही, ओळख वाढते. पण दोन पॉइंटांसाठी प्रत्येक हिरव्या पानाला 'फिलोडेंड्रॉन असावं' लिहिणारे आम्ही खूप पाहिलेत. अशांचं पुढे कोणी ऐकत नाही आणि त्यांच्याकडून कटिंगही घेत नाही.

माझी कमाई अडेनियमवर चालते, ते जाड बुंध्याचं, उन्हात फुलणारं झाड. सांगलीचं ऊन एप्रिल-मेमध्ये माणसाला नको होतं, अडेनियमला मात्र तेच हवं. फुलांचं परागीकरण मी बारीक ब्रशने हाताने करते, कारण ते करणारा किडा आपल्या अंगणात सहसा येत नाही. साधलं की बैलाच्या शिंगांसारख्या जोडशेंगा धरतात. त्या भरत आल्या की लोकरीच्या दोऱ्याने मधूनमधून सैल बांधायच्या. नाही बांधल्या तर एखाद्या दुपारी शेंग तडकते आणि बी उडून जातं. प्रत्येक बी सळईसारखं लांबट, दोन्ही टोकांना म्हातारीसारखा कापूस. तो कापूस चिमटीने काढायचा, दहा-दहा बिया बटर पेपरच्या पुडीत, वर शेंग काढल्याची तारीख. तारीख महत्त्वाची, कारण ताजं बी आठवड्याच्या आत उगवतं आणि जुनं बी लोकांना रडवतं. माझ्या पुडीवर तारीख असते म्हणून ती वीस पॉइंटाला जाते. तसलीच बिनतारखेची पुडी बाराला पडून राहते.

त्याचा हिशेब मांडू. एका चांगल्या शेंगेतून समजा साठ बिया, म्हणजे सहा पुड्या. प्रत्येक व्यवहारातून गट पाच टक्के कापतो, म्हणून वीसचे एकोणीस हातात येतात आणि सहांचे झाले 114. आपल्याकडे टपाल पाठवणाऱ्याच्या खिशातून जातं. पूर्वी रजिस्टर पोस्टाने काम भागायचं. 2025 मध्ये ते स्पीड पोस्टात विलीन झालं, आणि त्या ऑक्टोबरपासूनच्या दरांत 50 ग्रॅमपर्यंतच्या बाहेरगावच्या पाकिटाला 47 रुपये आणि वर जीएसटी, म्हणजे पंचावन्नच्या वर. सहा पाकिटांचे 333 रुपये धरा. भागून बघा, मला एक पॉइंट जवळपास तीन रुपयांना पडला. बी फुकटचं, मेहनत फुकटची, तरी तीन.

हा आकडा डोक्यात ठेवा आणि आता त्या दीड रुपयावाल्याकडे बघा. प्रामाणिकपणे पाकिटं पाठवून पॉइंट मिळवणाऱ्याला तो तीनला पडतो, हातोहात दिलं तर त्याहून कमी, पण असे व्यवहार थोडेच होतात. मग हा दीडला कसा विकतो? मी तक्रारींच्या कामावर असताना असे तीन प्रकार पाहिले. एकात एकाच माणसाची चार खाती होती. प्रत्येक नव्या खात्याला सुरुवातीचे 50 पॉइंट मिळतात, ते तो खोट्या व्यवहारांनी एका खात्यात ओढून घेत होता. दुसऱ्यात दोन मित्र न पाठवलेली पाकिटं 'मिळाली' म्हणून नोंदवत होते. तिसऱ्यात पॉइंट नव्हतेच, पैसे घेतले आणि गडी गायब. पहिल्या दोन प्रकारांत पॉइंट परत काढून घेतले गेले, ज्याने विकत घेतले होते त्याच्याही खात्यातून. म्हणजे तुमचे 585 रुपये जातील, मॉन्स्टेरा येणार नाही आणि वर खात्याला शेरा बसेल. पैसे गेलेच असतील तर 1930 वर लगेच फोन करा. सायबर फसवणुकीचा तोच क्रमांक आहे आणि त्यात वेळेला किंमत असते.

समजा विकणारा सच्चा आहे. तरीही मी नको म्हणेन. डियाब्लो 3 हा संगणकावरचा खेळ 2012 साली आला तेव्हा त्यात खऱ्या पैशाने वस्तू विकायचा लिलाव बाजार ठेवला होता. राक्षस मारून तलवार मिळवण्यापेक्षा ती विकत घेणं सोपं झालं, आणि मग राक्षस मारायचे कशाला? मार्च 2014 मध्ये कंपनीने स्वतःच तो बाजार बंद केला. आपल्याकडेही एकदा पॉइंटाला दीड रुपया भाव लागला, की माझ्या पुडीची किंमत तीस रुपये ठरली. मग मी दुपारभर चिमटीने कापूस काढत का बसेन? दुकानात एक तास जास्त बसेन. तुम्हाला रुपयेच खर्चायचे असतील तर टिश्यू कल्चरचं, म्हणजे प्रयोगशाळेत वाढवलेलं, रोप विकणाऱ्या नर्सरीकडून सरळ घ्या आणि बिल घ्या. त्यात काही कमीपणा नाही.

कराचं एका वाक्यात, कारण कोणीतरी विचारणारच. 1 एप्रिल 2022 पासून आभासी डिजिटल मालमत्तेच्या (क्रिप्टो वगैरे) नफ्यावर 30 टक्के कर आला आणि 1 जुलैपासून 1 टक्का टीडीएस, पण 30 जून 2022 च्या अधिसूचनेने गिफ्ट कार्ड आणि थेट पैसे न मोजता मिळणारे रिवॉर्ड पॉइंट त्यातून बाहेर ठेवले. 'थेट पैसे न मोजता' हे शब्द वाचा, मग पॉइंटांची रोख खरेदी-विक्री गटाच्या चालकांना का नको असते ते कळेल.

साठवण्याबद्दल मात्र जरा लांब बोलते, कारण तिथे मी स्वतः तोंडावर पडलेय. मला पिंक प्रिन्सेस हवी होती, ती गडद पानांवर गुलाबी पट्टे असलेली फिलोडेंड्रॉन. तेव्हा गटात तिचा भाव 900. मी दीड वर्ष काही म्हणता काही घेतलं नाही. लोक चांगली होया, बिगोनिया टाकायचे, मी बघून पुढे जायचे. 870 पर्यंत पोचले तोवर प्रयोगशाळेतली रोपं ढिगाने बाजारात आली आणि भाव 250 वर आला. स्वस्त झाली म्हणून आनंद व्हायला हवा होता, पण मला तर लुटल्यासारखं वाटलं. तुमची थाय कॉन्स्टेलेशन त्याच वाटेवरची आहे. ती मुळात टिश्यू कल्चरमधूनच वाढवली जाते, तिचे ठिपके स्थिर असतात, म्हणून प्रयोगशाळेला ती हवी तेवढी काढता येते. आज 600 असलेला भाव वर्षभरात उतरेल असा माझा अंदाज आहे. अल्बो मॉन्स्टेराची गोष्ट वेगळी. तिचा पांढरेपणा स्थिर नसतो, त्यामुळे ती जास्त करून कटिंगनेच वाढवतात आणि भाव सावकाश उतरतो. (अल्बो कधी घेतलीत तर फोटोत नोड, म्हणजे जिथून नवा फुटवा येतो ते खोडाचं पेर, आणि खोडावरची पांढरी रेघ दिसते का बघा. नुसतं पांढरं पान पाण्यात मुळं धरेलही, पण त्याचं झाड कधी होत नाही.)

माझ्या दीड वर्षाच्या साठवणीने आणखी एक झालं, जे तेव्हा कळलं नाही. मी घेत नव्हते म्हणून माझ्याकडून कमावू शकणारे चार-सहा जण कमावू शकले नाहीत. 1970 च्या दशकात वॉशिंग्टनमध्ये दीडएकशे जोडप्यांनी मुलं सांभाळायचं सहकारी मंडळ केलं होतं. एकमेकांची मुलं सांभाळायची आणि त्याबद्दल कुपनं घ्यायची. झालं असं, की प्रत्येकाला वाटलं अडीनडीला चार कुपनं हाताशी हवीत. म्हणून सगळे घरी बसून कुपनं कमवायला तयार आणि बाहेर जाऊन खर्चायला कोणीच नाही. बाहेर कोणी जात नाही तर मुलं सांभाळायची कोणाची? मंडळातल्यांनी आधी 'महिन्यातून दोनदा तरी बाहेर जा' असा नियम केला म्हणे. शेवटी जादा कुपनं काढली तेव्हा गाडी चालू झाली, पुढे ती फार झाली आणि उलटा घोटाळा झाला. त्यातल्याच स्वीनी दांपत्याने 1977 मध्ये यावर अर्थशास्त्राचा लेख लिहिला आणि अर्थतज्ज्ञ पॉल क्रुगमन यांनी तो किस्सा जगभर नेला. आमच्या अडतीला हे नवं नाही. व्यापाऱ्यांनी हात आखडले की माल शीतगृहात पडून राहतो आणि शेतकरी, अडत्या, हमाल सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघत बसतात.

उलटा घोटाळाही आपण पाहिलाय, तुम्ही यायच्या आधी. 2020 च्या टाळेबंदीत घरोघर कुंड्या आल्या आणि गटात रोज नवे लोक, प्रत्येकाला 50 पॉइंट. पॉइंट वाढले, झाडं काही एका महिन्यात वाढत नाहीत. दहाचं मनी प्लांट पस्तीसला गेलं. ती पाच टक्के कपात तेव्हा आली, लोक आजही तिला शिव्या घालतात. ते पॉइंट कोणाच्या खिशात जात नाहीत, पुसले जातात. नवे 50 येतात तेवढे कुठेतरी पुसले गेलेच पाहिजेत. पुस्तकांच्या अदलाबदलीचं बुकमूच 2006 मध्ये निघालं, तिथे पुस्तक पाठवलं की एक पॉइंट आणि यादीत नुसतं टाकलं की पॉइंटाचा दहावा हिस्सा. तो दहावा हिस्साच का ठेवला असेल, हे मला आमचे भाव वाढल्यावर उमगलं. नुसत्या नोंदीला जास्त दिलं असतं तर याद्या फुगल्या असत्या, पुस्तकं तेवढीच राहिली असती.

मग खर्च कशावर करायचा? जे तुमच्याकडे आल्यावर पुन्हा वाटता येईल त्यावर. तुमच्या 210 मधले शंभर घाला रेक्स बिगोनियाच्या, म्हणजे रंगीत पानांच्या बिगोनियाच्या, दोन-तीन जातींवर. सातारची हवा आमच्यापेक्षा नरम, पूर्वेची बाल्कनी म्हणजे सकाळचं कोवळं ऊन, बिगोनियाला आणखी काय हवं? इथे मे महिन्यात माझ्या बिगोनियाची भाजी होते. एक तयार पान घ्या, मागच्या बाजूने जाड शिरा ब्लेडने चार-पाच ठिकाणी छेदा, ओल्या कोकोपीटवर (नारळाच्या काथ्याच्या भुशावर) पान पालथं न घालता सपाट ठेवा, वर बारीक खडे ठेवा म्हणजे शिरा टेकून राहतील, आणि झाकण असलेल्या मिठाईच्या डब्यात बंद करा. महिना-दीड महिन्यात छेदांपाशी बोटाच्या पेराएवढी पिल्लं दिसतील. एका पानातून चार-पाच. पान पाकिटात जातं, वजन नाही, आणि सांगली, मिरज, सोलापूरकडच्या उन्हातल्या लोकांना ते दर वर्षी नव्याने लागतं, कारण दर वर्षी त्यांचं मरतं. तुम्ही हसाल, पण गिऱ्हाईक असं हवं.

टपाल वाचवायची युक्ती म्हणजे एकाच माणसाला दोन-तीन गोष्टी एका पाकिटात पाठवणं. बिगोनियाचं पान मागणाऱ्याला विचारा, सोबत पेपरोमियाचं हवं का? पाकीट एक, कमाई दुप्पट. आणि कराड-सांगलीकडे येणारं कोणी असेल तर हातोहात द्या, तुमचा पॉइंट फुकटात पडेल.

एक गोष्ट मात्र साताऱ्याच्या माणसाला आधीच सांगावी लागते. गटात कंदीलपुष्प, वायतुरा असली पठारावरची रानफुलं मागणारे निघतात आणि मोठे आकडे देऊ करतात. कासचं पठार तुमच्यापासून तासाभरावर आहे, मोह होईल. पठारावरून कंद, बी, माती, काहीही उचलायचं नाही. राखीव वन आहे, 2012 पासून पश्चिम घाटाबरोबर जागतिक वारशाच्या यादीत आहे, आणि वायतुरा तर जगात इथल्याच सड्यांवर, खडकाळ पठारांवर, उगवतो. असा व्यवहार दिसला की आम्ही खातं बंद करतो, त्यावर सुनावणी नसते.

तुमच्या प्रश्नात 'माझे पॉइंट कमी म्हणून लोक उत्तर देत नाहीत' असं एक वाक्य होतं. पॉइंट कोणी बघत नाही. तुमच्या आठ महिन्यांत सहा व्यवहार आहेत, त्यातल्या दोघांचं पाकीट तुम्हाला मिळाल्याचा फोटो तुम्ही टाकलेला नाही. लोक ते बघतात. ऑगस्ट 2019 च्या पुरात सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णेचं पाणी 57 फुटांवर गेलं तेव्हा कर्नाळ रस्त्याकडचं आमचं अंगण गळ्याएवढ्या पाण्यात होतं. गाळ काढला तेव्हा दोन अडेनियम सोडून सगळं कुजलेलं, आणि तीही हलक्या हाताने दाबली की मऊ लागायची. पुढच्या दोन महिन्यांत चाळीसएक पाकिटं आली. एकानेही व्यवहार नोंदवला नाही, म्हणून माझ्या खात्यात त्या पाकिटांची एकही ओळ नाही. त्यातल्या बहुतेकांना मी आधीच्या दोन वर्षांत तारीख घातलेल्या पुड्या पाठवल्या होत्या, आणि ज्यांचं बी उगवलं नव्हतं त्यांना न मागता दुसरी. अडतीत याला पत म्हणतात. पेठेत पत असलेल्याचा माल न बघता उचलतात, नसलेल्याने रोख आणली तरी आधी नोट उजेडात धरतात.

म्हणून आधी ते दोन फोटो टाका, उशीर झाला म्हणून माफी मागून. दीड रुपयावाल्याचा निरोप गटाच्या चालकांकडे पाठवा, स्क्रीनशॉटसह, त्याच्याशी वाद घालत बसू नका. मॉन्स्टेराचं नाव 'हवं आहे' यादीत राहू द्या, 600 ला घेऊ नका, 300 च्या खाली आली की बघा. आणि शंभराच्या आसपास पॉइंट हाताशी ठेवून बाकीचे या पावसाळ्यातच फिरू द्या. पावसाळ्यात कटिंगं जगतात, म्हणून देणारेही तेव्हाच जास्त असतात.

आणि रेक्स बिगोनियाची चंदेरी पानांची जात मिळाली तर पहिली पिल्लं निघाल्यावर मला कळवा. 40 पॉइंट देते. पान ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळून वर प्लॅस्टिक, देठाकडून घडी पडू देऊ नका, आणि सोमवारी टाका, म्हणजे रविवारी पोस्टात अडकून पडायचं नाही. माझं मागचं पान तसंच अडकलं, आणि उघडलं तेव्हा आत नुसतं काळं पाणी होतं.